आधी सांगा, सेव्ह कुठे आहे?

सकाळी ७

नवतपा लागला की नागपुरात कामाचा दिवस दोन तुकड्यांत मोडतो. मधल्या चार तासांचा काही उपयोग नसतो. म्हणून दुकानाचं शटर दहाला वर जात असलं तरी बारीक काम मी सातलाच काढून बसतो. धरमपेठेत, लक्ष्मीभुवन चौकातून आत वळणाऱ्या एका गल्लीत, जुन्या घराच्या पुढच्या खोलीत माझं टेबल आहे. वर्षभर पोट चालतं ते मोबाइलवर: फुटलेल्या स्क्रीन, फुगलेल्या बॅटऱ्या, सैल झालेले चार्जिंग सॉकेट. पण शाळांना सुट्ट्या लागल्या, पुण्याचे नि परदेशातले भाचे-नातू आजोळी उतरले, की टेबलावर हातात धरून खेळायचे गेम दिसू लागतात. निन्टेन्डोचा स्विच सगळ्यांत जास्त. मग एखादा थ्रीडीएस, एखादा डीएस, आणि माळ्यावरच्या ट्रंकेतून निघालेला गेमबॉय.

गेमबॉयच्या कार्ट्रिजसाठी सकाळच राखायची, कारण सातला बोटं कोरडी असतात. अकरानंतर घाम सुटतो आणि घामात मीठ असतं. कार्ट्रिजच्या खालच्या पट्ट्यांवरचा सोन्याचा मुलामा फार पातळ. कुठे ना कुठे खालचं तांबं उघडं पडलेलं असतंच. तिथे मीठ बसलं की हळूहळू हिरवट डाग येतो, आणि मग गिऱ्हाईक म्हणतं, गेम मेला.

आज समोर ‘पोकेमॉन गोल्ड’ आहे. मालक हिंजवडीत नोकरीला. इथे आईने कपाट आवरलं, त्यात हे निघालं, व्हॉट्सॲपवर फोटो गेला. त्याचं उलट उत्तर एका ओळीचं होतं: गेम चालो न चालो, सेव्ह गेला नाही पाहिजे.

त्याला काय हवंय ते त्याला नेमकं कळलेलं आहे. असं गिऱ्हाईक विरळा. बाकीच्यांना वाटतं, कार्ड म्हणजे गेम आणि गेम म्हणजे त्यांनी खेळलेलं सगळं. या कार्ट्रिजमध्ये गेम एका चिपमध्ये कायमचा कोरलेला आहे. त्याला विजेची गरज नाही. खेळणाऱ्याने जमवलेलं मात्र दुसऱ्या चिपमध्ये आहे, आणि ती चिप जिवंत आहे ती सीआर २०२५ नावाच्या बटणसेलवर. सेल संपला की ती कोरी. ‘गोल्ड’ आणि ‘सिल्व्हर’मध्ये त्याच सेलवर एक घड्याळही चालतं, कारण त्या गेममध्ये दिवस-रात्र होते. त्यामुळे आधीच्या ‘रेड’ आणि ‘ब्लू’पेक्षा यांचा सेल लवकर बसतो. गेम जपानात १९९९ मध्ये आला. म्हणजे मूळ सेल अजून तग धरून असेल तर ते नशीबच म्हणायचं. नशीब होतं, सेल अजून जिवंत होता.

पुढचं काम क्रमाचं. सेल आधी काढला तर त्याच क्षणी सेव्ह गेला. म्हणून कार्ट्रिज वाचणाऱ्या छोट्या यंत्रात घालून सेव्ह आधी संगणकावर उतरवायचा, त्याची एक प्रत पेन ड्राइव्हवर ठेवायची, आणि मगच पेचकस हातात घ्यायचा. यांचा स्क्रू साध्या पेचकसाने उघडत नाही, ३.८ मिलिमीटरचा खास बिट लागतो. बॉलपेनचं नळकांडं तापवून स्क्रूवर दाबायची युक्ती पोरं करतात. ती कधी जमते, कधी स्क्रूच्या खाचेत वितळलेलं प्लास्टिक घेऊन माझ्याकडे येते. नवा सेल पत्र्याच्या पायांचा घ्यायचा. साध्या सेलवर थेट डाग दिला तर तो तापून फुटू शकतो. हे पायवाले सेल बर्डीला मोदी नंबरच्या गल्ल्यांतही दर वेळी मिळतील असं नाही. मी मागवून ठेवतो. डाग थंड झाला, सेव्ह परत चढवला, गेम सुरू केला. नाव, पदकं, पेटीतले प्राणी, सगळं जागेवर. आता हिंजवडीकराला फोटो.

९.३०

गोकुळपेठेतून तर्री पोहे. उन्हाळ्यात तर्री कमी घ्यावी असं दरवर्षी ठरवतो.

दुकानात आल्यावर पहिलं काम कूलरचं. नागपुरात कूलरशिवाय मे काढता येत नाही, पण कूलरची हवा टेबलावर येऊ द्यायची नाही. ती ओलसर असते, आणि खारं पाणी असलं तर पॅडवर पांढरा थर चढतो हे कोणाच्याही घरी दिसेल. त्यातलं थोडं हवेबरोबर येतंच. म्हणून माझा कूलर गिऱ्हाइकांकडे तोंड करून असतो आणि मी पंख्याखाली. गिऱ्हाइकांना वाटतं, हा मोठा पाहुणचार आहे. कोरड्या हवेचा त्रास वेगळा: अंगात स्थिर वीज साचते. त्यासाठी मनगटाला पट्टा आणि पट्ट्याची तार अर्थिंगला.

१०.३०

पहिली जोडी आली. नववी-दहावीतला मुलगा आणि त्याचा धाकटा भाऊ.

“काका, हे कार्ड घेऊनच नाही राहिलं. कालपर्यंत मस्त चालून राहिलं होतं.”

“फुंकलं?”

“हौ. लय वेळा.”

“मग थांबवा आता.”

स्विचचं कार्ड तीन सेंटिमीटर लांब, दोन रुंद. वरच्या कडेला उजवीकडे झाकण आहे, ते नखाने उचलायचं, कार्डाचं चित्र स्क्रीनच्याच बाजूला ठेवायचं, आणि टक आवाज येईपर्यंत सरळ आत दाबायचं. काढताना ओढायचं नाही. पुन्हा आत दाबलं की स्प्रिंग ते बाहेर देते. त्याआधी होम मेनूवर जाऊन गेम बंद करायचा. बस, शिकण्यासारखं एवढंच आहे. पण घाईत पोरं कार्ड उलटं घालतात, तिरकं घालतात, आणि अडलं की अंगठ्याने जोर लावतात.

मी आधी काहीच पुसत नाही. कार्ड काढतो, घालतो, पुन्हा काढतो, घालतो. पिना कार्डाच्या पट्ट्यांवर घासल्या की वरची पातळ काजळी निघते, आणि बरीच ‘मेलेली’ कार्डं इथेच उठून बसतात. याचे मी पैसे घेत नाही. त्याने भागलं नाही तर टॉर्च. खाचेत धूळ, लोकरीचा तंतू, बिस्किटाचा चुरा, जे असेल ते कॅमेरेवाल्यांच्या रबरी फुग्याने उडवायचं. मग कार्डाच्या मागच्या पट्ट्या कोरड्या मऊ कापडाने, लांबीच्या दिशेने. थिनर, पेट्रोल, सॅनिटायझर लावू नका हे कंपनीच्या सूचनांतही आहे, तरी सॅनिटायझरने धुतलेली कार्डं येतात. खोडरबराबद्दल माझं मत पक्कं आहे: तो चकाकी आणतो, पण मुलामा खरवडून आणतो. दोनदा घासलेलं कार्ड तिसऱ्यांदा लवकर येतं.

यांच्या खाचेत पांढरा तंतू होता, बहुधा उशीच्या कापसाचा. तो निघाला, गेम लागला. धाकटा म्हणाला, “दादा, मी म्हटलं होतं न, फुंकू नको.” मोठ्याने त्याच्याकडे पाहिलंच नाही.

११.१५

फोन. धंतोलीच्या एक काकू, आवाज कापणारा. दोन वर्षांच्या नातवाने कार्ड तोंडात घातलं, आता थू-थू करून रडून राहिला, काही विषारी आहे का?

विषारी नाही. स्विचच्या कार्डावर मुद्दाम कडू लेप असतो, डेनाटोनियम बेंझोएटचा. कार्ड एवढं लहान की पोर सहज गिळेल, म्हणून कंपनीने २०१७ मध्ये स्विच आणतानाच ही सोय केली. त्या वेळी जगभरच्या मोठ्या माणसांनीही कार्डं चाटून पाहिली आणि तोंडं वाकडी केली. हा पदार्थ सापडला तो १९५८ मध्ये, स्कॉटलंडमधल्या मॅकफार्लन स्मिथ कंपनीत, भूल देणाऱ्या औषधांवर काम चाललं असताना. आज तो स्पिरिटमध्ये घालतात, कोणी पिऊ नये म्हणून. काकूंना एवढंच सांगितलं की चूळ भरायला लावा, पाणी द्या, आणि कार्ड गिळलेलं नाही ना, हाताने मोजून खात्री करा.

“कार्ड खराब झालं असेल का पण?”

काळजी पुरती ओसरली होती, हे त्यावरून कळलं. लाळ लगेच कोरड्या कापडाने टिपा, म्हटलं, आणि तासभर मशीनमध्ये घालू नका.

१२

हे रोजचं नाही, पण याच्यासाठी मी दुकानाच्या भिंतीवर पाटी लावली आहे. एक गृहस्थ स्विच विकायला काढत होते. मुलगा बारावीत गेला, आता गेम बंद. त्यांना मशीन पूर्ण पुसून हवं होतं, गिऱ्हाईक संध्याकाळी येणार होतं. कार्डं मात्र त्यांनी डब्यांसकट घरी ठेवली होती. “पोराने तीन वर्षं खेळलंय हो, ते राहू द्यायचं. परीक्षा झाली की दुसरं मशीन घेऊ, तेव्हा त्याचं त्याला मिळेल.”

बापाचा जीव चांगला, पण त्याने जपलं भलतंच. स्विचच्या कार्डात फक्त गेम असतो. पोराने खेळलेलं सगळं मशीनच्या आतल्या मेमरीत आहे. ते कार्डावर जात नाही, वेगळं मायक्रोएसडी घातलेलं असलं तरी त्यावरही जात नाही. पैसे भरून घेतलेल्या ऑनलाइन सदस्यत्वात बऱ्याच गेमचा सेव्ह क्लाउडवर राहतो, पण सगळ्यांचा नाही. ‘पोकेमॉन सोर्ड’ किंवा ‘शील्ड’ला ती सोय मिळत नाही. मी मशीन पुसलं असतं, तर घरी कपाटात कोरे गेम सुरक्षित राहिले असते.

आणि हाच माणूस डीएस किंवा थ्रीडीएस घेऊन आला असता तर? कार्डावरच्या गेमचा सेव्ह तिथे साधारणपणे कार्डातच असतो. मशीन विका, फोडा, पाण्यात पडू द्या. कार्ड दुसऱ्या मशीनमध्ये घातलं की खेळ जिथे थांबला तिथून पुढे. त्याच कंपनीने आधी एक केलं आणि मग बरोबर उलट केलं, त्यामुळे थोरल्या भावाचा अनुभव धाकट्याला दगा देतो. त्या जुन्या कार्डाशी एकच पथ्य: सेव्ह होत असताना ते उपसायचं नाही. तेवढ्या क्षणात कार्डात लिहिणं चालू असतं आणि अर्धं लिहिलेलं पान कोणालाच वाचता येत नाही. म्हणूनच मी नाव-पत्ता विचारायच्या आधी मशीन कोणतं ते विचारतो.

गृहस्थांनी तिथूनच घरी फोन लावला. पलीकडून पोराचा आवाज मला टेबलाशी ऐकू आला. विक्री बारगळली.

दुपारी १ ते ४.३०

शटर अर्धं खाली. चौकांत हिरव्या जाळ्या ताणलेल्या, डोक्याला दुपट्टे, कोणाच्या खिशात अजूनही कांदा. २३ मे २०१३ ला या गावाने ४७.९ अंश पाहिले आहेत. तेव्हापासून पंचेचाळीसला आम्ही ‘बरं आहे आज’ म्हणतो.

स्विचच्या कागदावर वापराची मर्यादा ५ ते ३५ अंश अशी लिहिलेली आहे. म्हणजे कंपनीच्या हिशेबाने मे महिन्याच्या दुपारी नागपूरच्या बिनएसी खोलीत स्विच खेळायचाच नाही. हे मी कोणा पोराला अजून सांगितलेलं नाही; तो माझ्याच दुकानात हसेल. पण उन्हात उभ्या गाडीच्या डॅशबोर्डवर मशीन ठेवू नका, हे सांगतोच. कार्ड त्या उष्णतेतून बहुतेक वाचतं. बॅटरी फुगते, आणि फुगलेली बॅटरी आतून सगळं ढकलते. एसी नसेल तर फरशीवर बसून, पंख्याखाली, गादी-उशीपासून दूर खेळा. उशी वाऱ्याची भोकं बुजवते आणि तिचा कापूस खाचेत जातो.

पन्हं, झोप.

५

ऊन कललं की वेस्ट हायकोर्ट रोडला पुन्हा माणसं दिसू लागतात. आज त्यांच्या आधी वावटळ आली. पाच मिनिटांत टेबलावर बोटाने नाव लिहिता येईल एवढी माती. उघडी मशीनं मी आधीच डब्यात टाकली होती. मे महिन्यात साडेचारनंतर आभाळ पाहिल्याशिवाय स्क्रू काढायचा नसतो.

आजचं जड काम हे: थ्रीडीएसचं कार्ड जुन्या डीएसमध्ये ठोकून बसवलेलं. थ्रीडीएसच्या कार्डाला एका कोपऱ्यात छोटा कान ठेवलेला आहे, तो खास यासाठीच, की ते डीएसमध्ये शिरू नये. पोराने तो कान ब्लेडने कापला होता. डोकं चालवलं, पण डीएसला तो गेम वाचताच येत नाही. खाच कितीही रुंद केली तरी नाही. आत तीन पिना वाकल्या होत्या. भिंगाखाली, सर्वांत बारीक सुईने, एकेक पिन तिच्या शेजारणीच्या उंचीला आणायची. पिन एकदा वाकते तेव्हा सरळ होते, दुसऱ्यांदा तुटते. म्हणून एका हालचालीत, अर्धा श्वास धरून. जुन्या, पहिल्या स्विचमध्ये हे दुखणं सोपं आहे: कार्डाची खाच आणि हेडफोनचं भोक एका वेगळ्या छोट्या बोर्डावर आहेत. मागचे वाय आकाराचे स्क्रू काढले, पत्रा उचलला, की तो बोर्ड अख्खा बदलता येतो, डाग द्यावा लागत नाही. ज्याने ते तसं आखलं त्याला दुरुस्तीवाल्यांची कळकळ होती, किंवा कारखान्यात जोडायला ते सोपं पडत असेल. मी पहिलं धरून चालतो.

कार्ड कापलेलं असलं तरी चालू निघालं. कानावाचून थ्रीडीएसचं काही अडत नाही. बरं झालं, कारण थ्रीडीएसचं ऑनलाइन दुकान २७ मार्च २०२३ ला बंद झालं. नवा गेम तिथून विकत घेता येत नाही, हातातलं कार्ड तेवढं खरं. आणि थ्रीडीएसला देशांची कुंपणं आहेत: अमेरिकेतल्या मशीनला युरोपातलं कार्ड चालत नाही. स्विचने ते कुंपण काढून टाकलं, म्हणून दुबईचं, टोकियोचं, न्यू जर्सीचं कार्ड धरमपेठेत बिनतक्रार चालतं.

७

गर्दी. आईस्क्रीम खाऊन आलेले, चिकट बोटांचे. एक चाळिशीचा बाप मुलासमोर मला शिकवू लागला. “आमच्या वेळी कॅसेट असायच्या. फू केलं की चालू!” आणि त्याने खरंच मुलाच्या हातातलं स्विचचं कार्ड घेऊन फुंकर मारली. मुलाने माझ्याकडे असं पाहिलं, की बापाचा अपमान न करता यातून वाट काढा.

मी बापाला खाली बसवलं. नव्वदच्या दशकात टीव्हीला जोडायचे ते गेम मीही दुरुस्त केले आहेत: टर्मिनेटर, लिटल मास्टर, ‘९९९९ इन १’ लिहिलेल्या पिवळ्या कॅसेटा. मूळ मशीन जपानचं १९८३ चं, फॅमिकॉम. आपल्याकडे खपायच्या त्या बहुतेक त्याच्या नकला. फुंकर मारून ते चालायचे, हे खरं. पण चालायचे ते फुंकरीने नाही. कॅसेट काढून पुन्हा घातली जायची, पट्ट्या पिनांवर नव्याने घासायच्या, काम तिथे व्हायचं. फुंकरीबरोबर थोडी थुंकी जायची आणि ती मागे राहून पट्ट्या खायची. शिवाय त्यात गमावण्यासारखं काही नसायचं. वीज गेली की ‘काँट्रा’ पहिल्यापासून.

“म्हणजे इतकी वर्षं आम्ही उगीच फुंकलं?”

“उगीच नाही. फुंकायला कॅसेट काढावी तर लागायची.”

बाप खूश झाला. मुलगा त्याहून.

याच गर्दीत एक मुलगी गेमबॉय ॲडव्हान्सची ‘पोकेमॉन एमराल्ड’ घेऊन आली, ऑनलाइन स्वस्तात मिळालेली. चार दिवस सेव्ह राहिला, मग नाही. खालून पाहिलं की कळतं. खऱ्या कार्ट्रिजमध्ये पट्ट्यांच्या वर, आतल्या बोर्डावर, निन्टेन्डोचं नाव छापलेलं दिसतं. इथे कोरी हिरवी पाटी. खऱ्या ‘एमराल्ड’चा सेल संपला तर फक्त घड्याळ थांबतं, सेव्ह राहतो. हिच्यात सेव्हच सेलवर टांगलेला. सेल बदलून देतो म्हटलं, पण नकलीवर वेळ घालवू नको. तिने बदलून घेतलाच. तिचा आधीच तिसऱ्या गावापर्यंत खेळ झाला होता.

९

आवराआवर. कार्डं आपापल्या डब्यात, चित्र वर. सुटी कार्डं एकावर एक रचत नाही, पट्ट्या घासतात. डब्यात सिलिका जेलची पुडी मी आत्ताच टाकतो. मृग लागल्यावर सुचून उपयोग नाही.

शटर ओढता ओढता एक आजोबा आले. नातवाचा वाढदिवस, त्यांनी स्विच टूचा गेम आणला होता. नातू म्हणतो, कार्ड घातलं तर आधी इंटरनेट मागतं आणि मग डाउनलोड सुरू होतं. कार्ड खराब निघालं का?

कार्ड ठणठणीत होतं. ५ जून २०२५ ला स्विच टू आला, त्याच्याबरोबर ही नवी तऱ्हा आली: गेम-की कार्ड. कार्डात गेम नसतो, फक्त उघडायचा हक्क असतो. गेम नेटवरून उतरवायचा आणि खेळताना दर वेळी कार्ड आत ठेवायचं. डब्यावर खालच्या बाजूला तसं छापलेलंही असतं. कार्ड कोणाला उसनं देता येतं, विकताही येतं, हा त्यातला चांगला भाग.

“म्हणजे डब्यात आहे काय?”

“किल्ली.”

“आणि घर?”

“घर नेटवर, आजोबा. वायफाय बरं असेल तर रात्रभरात उतरेल.”

त्यांनी डबा उलटासुलटा करून पाहिला, चष्मा वर करून तळाची ओळ वाचली, आणि खिशातून बिल काढून माझ्यापुढे धरलं. परत देता येईल का? बिल दुबईचं होतं.